ॲपोस्टॉलची दोन पुस्तकं खेड्यात बसून एकटीने वाचता येतात का?

ताई, तुमचा प्रश्न काल रात्री वाचला आणि सकाळपासून डोक्यातून जाऊन नाही राहिला, म्हणून जरा लांबच लिहितो. बाकीच्यांसाठी थोडक्यात प्रश्न असा: ताई यवतमाळ जिल्ह्यात एका खेड्यात राहतात, गणितात एमएससी होऊन चार वर्षं झाली, तालुक्याच्या कॉलेजात सीएचबीवर (तासिका तत्त्वावर) शिकवतात. टॉम ॲपोस्टॉलची नंबर थिअरीची दोन पुस्तकं त्यांनी मिळवली. पहिलं, 'इंट्रोडक्शन टू ॲनॅलिटिक नंबर थिअरी', बऱ्यापैकी चाललं, सात-आठ प्रकरणं झाली. मग दुसरं घेतलं, 'मॉड्युलर फंक्शन्स अँड डिरिश्ले सिरीज इन नंबर थिअरी', आणि पाच-सहा पानांतच अडकल्या. जवळपास विचारायला कोणी नाही. त्यांचं म्हणणं, मॉड्युलर फॉर्म्स (दुसऱ्या पुस्तकाचा मुख्य विषय, ठरावीक नियमाने बदलणारी कॉम्प्लेक्स फंक्शन्स) असे एकटीने शिकता येतात का, की नेट (प्राध्यापकीची पात्रता परीक्षा) निघेपर्यंत हे सगळं बांधून माळ्यावर टाकावं.

मी तालुक्याच्याच कॉलेजात तीस वर्षांवर गणित शिकवलं, आता रिटायर आहे, शेती पाहतो. ही दोन्ही पुस्तकं मी अशीच वाचली, गाइड नसताना, आणि दुसरं पुस्तक मला तिसऱ्या खेपेला लागलं. तेव्हा जे सांगतो ते माझ्या अनुभवातलं आहे, तुमच्या परिस्थितीत काही गोष्टी वेगळ्या असतील, त्या जिथे येतील तिथे सांगतो.

पहिले तर तुमचा खरा अडथळा कोणता ते पाहू. तुम्ही लिहिलं की "मॉड्युलर फॉर्म्स माझ्या आवाक्याबाहेर आहेत वाटते". मला तसं नाही वाटत. ही दोन पुस्तकं एकाच कोर्सचे दोन भाग म्हणून आली, ॲपोस्टॉल कॅलटेकमध्ये पंचवीस वर्षं जो कोर्स शिकवत होता त्यातून, दोन्ही १९७६ साली. म्हणून आपण समजतो की पहिलं संपलं की दुसरं सुरू, जसं आठवीनंतर नववी. पण मधात एक नाला आहे, आणि तो नाला पहिल्या पुस्तकाच्या आतच आहे. पहिली दहा प्रकरणं कॅल्क्युलस येणाऱ्या माणसाला वाचता येतात, शेवटच्या चार प्रकरणांना कॉम्प्लेक्स ॲनालिसिस लागते, रेसिड्यूपर्यंतचं. हे लेखकाने प्रस्तावनेत स्पष्ट लिहिलं आहे, पण प्रस्तावना कोण वाचते, मीही नव्हती वाचली. तुम्ही सात-आठ प्रकरणं करून दुसऱ्या पुस्तकात उडी मारली म्हणजे नाला न ओलांडताच पलीकडच्या वावरात पेरायला निघाल्या. दुसऱ्या पुस्तकाचं पहिलं प्रकरण, इलिप्टिक फंक्शन्स, ते तर पहिल्या ओळीपासून कॉम्प्लेक्स ॲनालिसिसच आहे.

आता तुमचं कॉम्प्लेक्स किती पक्कं आहे हे मला इथून दिसत नाही. एमएससीला पेपर होता, पास झाल्या, हे धरून चालतो, पण पास होणं वेगळं आणि हातात असणं वेगळं. म्हणून एक छोटी परीक्षा स्वतःच घ्या, पुस्तक बंद करून. एक फंक्शन आहे जे दोन वेगवेगळ्या दिशांना पीरियॉडिक आहे. त्याला कुठेच पोल नसेल तर ते कॉन्स्टंटच असते, हे का? (एका समांतरभुज चौकोनातल्या किमती सगळीकडे फिरून फिरून येतात, म्हणून ते बाउंडेड, मग लिऊव्हिलचं थिअरम.) दुसरं, अशा फंक्शनला एका चौकोनात एकच साधा पोल असू शकत नाही, हे का? (चौकोनाच्या कडेने इंटिग्रल घ्या, समोरासमोरच्या बाजू एकमेकींना कापतात, बेरीज शून्य, म्हणजे रेसिड्यूंची बेरीज शून्य.) कंसातलं मी लिहून टाकलं तरी हरकत नाही, ते तुम्हाला कोणाला तरी न अडखळता समजावून सांगता येते का ते पहा. येत असेल तर उद्यापासून दुसरं पुस्तक घ्या, नाला तुम्ही आधीच ओलांडलेला आहे. नसेल येत तर दोन-तीन महिने फक्त कॉम्प्लेक्सला द्या: कोशी, पॉवर सिरीज, लोराँ, रेसिड्यू, आर्ग्युमेंट प्रिन्सिपल, इनफिनिट प्रॉडक्ट्स. एनपीटीईएलवर (आयआयटींच्या ऑनलाइन लेक्चरांची साइट) कॉम्प्लेक्स ॲनालिसिसचे फुकट लेक्चर आहेत, आमच्या वेळी असं काही नव्हतं.

आणि इथेच तुमच्या नेटच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर आहे. सीएसआयआर नेटच्या सिलॅबसमध्ये मॉड्युलर फॉर्म्स नाहीत, पण कॉम्प्लेक्स ॲनालिसिस आहे, काँग्रुअन्स, चायनीज रिमेंडर, ऑयलरचं फाय, प्रिमिटिव्ह रूट्स हेही आहे. म्हणजे पहिल्या पुस्तकाची पहिली, दुसरी, पाचवी, दहावी प्रकरणं आणि हे कॉम्प्लेक्सचे तीन महिने, दोन्ही बाजूंना कामी पडतात. घरची परिस्थिती अशी असेल की पुढच्या परीक्षेवर पगार अवलंबून आहे, तर दुसरं पुस्तक तेवढे महिने थांबवा, त्यात काही कमीपणा नाही. पण बांधून माळ्यावर टाकू नका. मी एकदा टाकलं होतं, घरी आजारपण होतं, आणि परत उतरवायला चार वर्षं लागली.

आता पुस्तकं कशी वाचायची. ओळीने नाही. पहिल्या पुस्तकात चौदा प्रकरणं आहेत आणि त्यांचे दोन रस्ते आहेत, एक प्राइम नंबर्सकडे जाते, एक मॉड्युलर फॉर्म्सकडे. चौथं, सातवं, तेरावं हे प्राइम्सचा रस्ता: सातव्यात डिरिश्लेचं १८३७ चं थिअरम आहे, की ए आणि डी यांना सामाईक भाजक नसेल तर ए, ए अधिक डी, ए अधिक दोन डी या श्रेढीत अनंत प्राइम्स येतात, आणि तेराव्यात प्राइम नंबर थिअरम, १८९६ साली आदामार आणि द ला व्हाले पुसँ यांनी वेगवेगळं सिद्ध केलेलं. फार सुंदर प्रकरणं आहेत, पण तुम्हाला मॉड्युलर फॉर्म्सकडे जायचं असेल तर ती आता नाही केली तरी चालते. तुमच्या रस्त्यावर आहे दुसरं (डिरिश्ले गुणाकार, म्योबियस, हे अगदी बोटांवर पाहिजे), सहावं कॅरेक्टर्सचं, अकरावं डिरिश्ले सिरीज आणि ऑयलर प्रॉडक्टचं, आणि चौदावं, पार्टिशन्सचं. चौदावं तुम्ही सोडलं असं लिहिलं, तेच मला खटकलं. माझ्या मते ते या दोन पुस्तकांमधला पूल आहे.

चौदाव्यात काय आहे तर ४ ही संख्या किती प्रकारे तोडता येते: ४, ३+१, २+२, २+१+१, १+१+१+१, म्हणजे ५ प्रकार. ९ चे ३०, १४ चे १३५, १९ चे ४९०. हे सगळे ५ ने भागले जातात, आणि ४ पासून पाच-पाच पुढे गेलं की नेहमीच भागले जातात हे रामानुजनने पाहिलं आणि सिद्ध केलं. १०० चे प्रकार १९,०५,६९,२९२. एवढे मोठे आकडे एका साध्या गुणाकारातून निघतात: (१ वजा एक्स), (१ वजा एक्स वर्ग), (१ वजा एक्स घन) असा न संपणारा गुणाकार घ्या आणि तो छेदात टाका, एक्सच्या घातांचे सहगुणक म्हणजेच हे आकडे. आता लक्षात ठेवा, हाच गुणाकार पुढच्या पुस्तकाचा नायक आहे. तो छेदात असला की पार्टिशन्स, त्याचा २४ वा घात घेऊन एक्सने गुणलं की डेल्टा, म्हणजे पहिला खरा कस्प फॉर्म (ज्याच्या मालिकेत स्थिर पद शून्य असते असा मॉड्युलर फॉर्म). ज्याने चौदावं प्रकरण हाताने केलं त्याला दुसरं पुस्तक उघडल्यावर ओळखीचं माणूस भेटल्यासारखं होते.

माझी चूक ही होती की मी पहिल्या दोन खेपांना प्रूफ पाठ केले. वही भरून. थिअरम, प्रूफ, थिअरम, प्रूफ. आणि कोणी विचारलं असतं की बाबा मॉड्युलर फॉर्म म्हणजे काय तर मी व्याख्या म्हणून दाखवली असती. तिसऱ्या खेपेला रब्बीचे दिवस होते, हरभऱ्याला पाणी द्यायचं होतं आणि शेतीची लाईन रात्रीची होती, तर मी मोटरपाशी वही घेऊन बसायचो, एक पट्टा भिजला की दुसऱ्या पट्ट्यात पाणी मोडायचं आणि मधल्या वेळात आकडे काढायचे. त्या वेळी काही पाठ करणं शक्यच नव्हतं, नुसते आकडे. तिथून मला हा विषय लागायला लागला, म्हणून तुम्हालाही तेच सांगतो, आकडे काढा. कसे ते सांगतो.

रामानुजनने १९१६ च्या पेपरात एक फंक्शन घेतलं, टाऊ. वर सांगितलेला तो गुणाकार, त्याचा २४ वा घात, आणि त्याला एक्सने गुणायचं, मग एक्सच्या प्रत्येक घाताचा सहगुणक म्हणजे टाऊ(१), टाऊ(२), टाऊ(३)... चोविसावा घात ऐकून घाबरायला होते पण चौदाव्या प्रकरणात जाकोबीचं एक सूत्र आहे की त्या गुणाकाराचा घन फार साधा आहे: सहगुणक १, −३, ५, −७, ९ असे विषम आकडे, चिन्ह आलटून पालटून, आणि ते फक्त ०, १, ३, ६, १० या घातांवर बसतात, बाकी जागा रिकाम्या. मग आठवा घात घ्यायचा, म्हणजे तीनदा वर्ग, बस. पहिल्या चार जागा लिहा: १, −३, ०, ५. वर्ग केला की १, −६, ९, १०. परत वर्ग, १, −१२, ५४, −८८. परत वर्ग, १, −२४, २५२, −१४७२. झालं, टाऊ(१) ते टाऊ(४) तुमच्या हातात. कागदाचं अर्धं पान लागते. जास्त जागा घेऊन दहापर्यंत जा, मग पहा की टाऊ(५) ४८३० येते, टाऊ(६) −६०४८ येते, आणि −२४ गुणिले २५२ किती होतात? −६०४८. टाऊ(१०) −१,१५,९२०, तेच −२४ गुणिले ४८३०.

हे का व्हावं? गुणाकाराचा चोविसावा घात उलगडला तर त्याच्या सहगुणकांना एकमेकांशी गुणून घ्यायची काय गरज पडली होती? रामानुजनने हे आकड्यांवरून ओळखलं, मॉर्डेलने १९१७ मध्ये सिद्ध केलं, आणि त्याच पेपरातला दुसरा अंदाज, टाऊ किती मोठा होऊ शकतो याबद्दलचा, तो सिद्ध व्हायला १९७४ उजाडलं, डेलीन्यने केला. दुसऱ्या पुस्तकाचं सहावं प्रकरण हे या "का"चं उत्तर आहे, हेक ऑपरेटर्स, म्हणजे एका मॉड्युलर फॉर्मवरून दुसरा बनवणाऱ्या क्रिया. तुम्ही आकडे स्वतः काढलेले असतील तर ते प्रकरण तुम्ही भूक लागल्यासारखं वाचाल. नाही काढले तर ती आणखी एक व्याख्या.

आता तुम्ही जिथे अडकल्या, लॅटिस आणि तो (सी टाऊ अधिक डी) चा घात (हा टाऊ रामानुजनचा नाही, वेगळा आहे, पुढे सांगतो). तुम्ही लिहिलं की "हा फॅक्टर कुठून आला काहीच कळत नाही". खेड्यात राहता तर चौफुलीवर टोबलेली पऱ्हाटी पाहिलीच असेल. उभ्या रेघा ओढल्या, आडव्या रेघा ओढल्या, जिथे फुली पडली तिथे सरकी टोबली, म्हणजे उभं-आडवं दोन्हीकडून डवरता येते. आता धुऱ्यावर उभ्या राहा. उभ्या ओळी दिसतात. चार पावलं सरका, तिरप्या ओळी दिसतात, त्याही तेवढ्याच सरळ. आणखी सरका, आणखी वेगळ्या तिरप्या. झाड एकही हललं नाही, तुम्ही ओळी कोणत्या धरल्या तेवढं बदललं. लॅटिस म्हणजे ही झाडं. ॲपोस्टॉल जे ओमेगा-१ आणि ओमेगा-२ लिहितो ते म्हणजे धरलेल्या दोन ओळींची दिशा आणि त्यातलं अंतर. आणि ए, बी, सी, डी हे चार पूर्णांक, ज्यांच्यासाठी एडी वजा बीसी बरोबर १ पाहिजे, ते म्हणजे एका जोडीच्या ओळी सोडून दुसऱ्या जोडीच्या धरणं. ते १ का पाहिजे? कारण एका झाडाच्या वाट्याला येणारी जागा तेवढीच राहिली पाहिजे. २ आलं असतं तर नवीन ओळींमध्ये अर्धीच झाडं सापडली असती, बाकीची ओळींच्या मधात राहून गेली असती.

आता अशी एक संख्या काढायची जी झाडांवर अवलंबून आहे, ओळींवर नाही. सोपा उपाय: एक झाड मूळ बिंदू धरा, बाकी प्रत्येक झाडासाठी एक भागिले त्याचं स्थान (कॉम्प्लेक्स नंबर म्हणून) याचा चौथा घात घ्या, आणि सगळ्या झाडांची बेरीज करा. बेरीज कोणत्या ओळीने करता याने फरक पडत नाही, झाडं तीच. ही आयझेनस्टाइन सिरीज, वेट ४. सहावा घात घेतला की वेट ६. विषम घात घेतला तर समोरासमोरची झाडं एकमेकांना कापतात, शून्य येते, म्हणून विषम वेट इथे नाही. आणि दुसरा घात घेतला तर बेरीज नीट बसत नाही, कोणत्या क्रमाने बेरीज केली त्यावर उत्तर बदलते, म्हणून २ सोडून ४ पासून सुरुवात.

सगळं शेत दुप्पट ताणलं तर वेट ४ वाली बेरीज सोळाव्या हिश्श्यावर येते. वेट म्हणजे एवढंच, शेत ताणल्यावर संख्या कशी बदलते त्याचा घात. आता दोन-दोन ओमेगा सांभाळायचं ओझं नको म्हणून आपण शेत ताणून-फिरवून एका ओळीतलं अंतर १ करून घेतो, मग उरते एकच टाऊ, तो शेताचा आकार सांगते. पण दुसऱ्या ओळी धरल्या की त्यांच्यातलं अंतर १ नसते, ते सी टाऊ अधिक डी असते. परत १ करायला सगळं शेत त्याने भागावं लागते, आणि भागलं की वेटच्या हिशोबाने तो घात बाहेर पडते. तो फॅक्टर इथून आला. पुस्तकात हे सगळं आहे, पण ॲपोस्टॉल पहिल्या प्रकरणात इलिप्टिक फंक्शन्सवरून येतो आणि दुसऱ्यात मॉड्युलर ग्रुपवर, त्यामुळे नवीन माणसाच्या नजरेतून सुटते. मला तर वाटते पहिलं वाचताना दुसऱ्या प्रकरणाची आठ-दहा पानं सोबतच उघडी ठेवावी.

आणखी एक सावधगिरी, यात मी आठवडाभर वाया घालवला होता: ॲपोस्टॉल तेच अक्षर टाऊ शेताच्या आकारासाठीही वापरतो आणि रामानुजनच्या फंक्शनसाठीही. टाऊच्या पुढे कंसात पूर्णांक असला तर रामानुजनचा, नाहीतर वरच्या अर्ध्या प्रतलातला बिंदू. वहीत तुम्ही वेगळी अक्षरं लिहा. आणि बाकीच्या पुस्तकांत जो क्यू दिसते तो म्हणजे ई चा दोन पाय आय टाऊ घात.

आता जे मला या विषयात सगळ्यात जास्त भावते ते, आणि हे जर तुम्हाला पटलं तर पुस्तक आपोआप वाचल्या जाईल. आयझेनस्टाइन सिरीज क्यूच्या घातांत मांडल्या की (पहिला आकडा १ होईल अशा पट्टीत) सहगुणकांत भाजक येतात: क्यूच्या एन व्या घातापाशी वेट ४ मध्ये २४० गुणिले एन च्या सगळ्या भाजकांच्या घनांची बेरीज, वेट ८ मध्ये ४८० गुणिले भाजकांच्या सातव्या घातांची बेरीज. वेट ४ वालीचा वर्ग केला तर वेट ८ होते. आणि वेट ८ मध्ये, पट सोडली तर, फॉर्म एकच आहे. दुसरा नाहीच. दोघींचा पहिला आकडा १, म्हणजे दोघी एकच! मग सहगुणक जुळवा, असं निघते: सातव्या घातांची बेरीज बरोबर घनांची बेरीज अधिक १२० गुणिले (एन ला दोन भागांत तोडून दोन्ही भागांच्या घन-बेरजांचे गुणाकार, सगळे मिळवून).

एन बरोबर २ घ्या. भाजक १ आणि २, सातव्या घातांची बेरीज १+१२८, १२९. घनांची बेरीज १+८, ९. २ तुटते १+१ असं एकदाच, गुणाकार १, त्याचे १२०. ९ आणि १२०, १२९. एन बरोबर ३: सातवे घात १+२१८७, २१८८. घन १+२७, २८. ३ तुटते १+२ आणि २+१, गुणाकार ९ आणि ९, बेरीज १८, गुणिले १२०, २१६०. अधिक २८, २१८८. त्या रात्री मोटरपाशी मी हे एन बरोबर १० पर्यंत केलं आणि थांबलोच नाही, पाणी धुऱ्याबाहेर गेलं तरी लक्ष नव्हतं. भाजकांबद्दलची एवढी घट्ट गोष्ट शाळेतल्या गणिताने सिद्ध करायला बसलात तर दमछाक होते, आणि इथे ती फक्त "जागा एकच आहे" एवढ्यावरून पडते. मॉड्युलर फॉर्म्सचा सगळा जोर इथे आहे, ठरलेल्या वेटला मोजकेच फॉर्म बसतात, म्हणून दोन वेगळ्या वाटांनी आलेल्या गोष्टी पहिल्या काही आकड्यांत जुळल्या तर त्या पूर्णच जुळतात. हेक ऑपरेटर आणि टाऊचा गुणाकार, त्याच्याही मुळाशी हेच, वेट १२ मध्ये कस्प फॉर्म एकच, त्यामुळे ऑपरेटर त्याला त्याच्याच पटीत पाठवते, दुसरी जागाच नाही.

तर दुसऱ्या पुस्तकाचा क्रम मी असा सुचवीन: पहिलं आणि दुसरं सोबत, मग थेट सहावं. सहाव्यात वरचं सगळं नीट सिद्ध करून मिळते. नंतर तिसरं, डेडेकिंडचा ईटा. ते अवघड आहे, पण त्यात सिगेलचं जे छोटं प्रूफ आहे रेसिड्यूवालं, ते तुमच्या कॉम्प्लेक्सच्या तयारीची खरी कसोटी आहे. मग पाचवं, राडेमाखरचं पार्टिशनचं सूत्र, १९३७ चं, हार्डी-रामानुजनचं १९१८ चं काम त्याने पूर्णत्वाला नेलं. हे प्रकरण सावकाश, महिना लागला तर लागू द्या. चौथं, 'जे' (j) नावाच्या मॉड्युलर फंक्शनच्या सहगुणकांचं, सातवं क्रोनेकर आणि आठवं बोहर, ही मी पहिल्या वाचनात सोडली होती आणि काही बिघडलं नाही. प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी उदाहरणं आहेत, उत्तरं मागे दिलेली नाहीत, हे एकट्याने वाचणाऱ्याला जड जाते. पण बरीच उदाहरणं अशी आहेत की लहान आकड्यांवर पडताळता येतात. प्रूफ नाही जमला तरी एन बरोबर १ ते १० करून पहा, निदान उदाहरण काय म्हणून राहिलं ते कळते. पारी-जीपी नावाचं फुकट सॉफ्टवेअर आहे, त्यात टाऊ थेट मिळते. पण पहिले दहा हातानेच काढा, यात मी सूट देत नाही.

वेळ किती लागेल असं विचारलं होतं. माझं सांगतो, कॉलेज, पेपर तपासणी आणि शेती सांभाळून रोज तासभर, तर पहिल्या पुस्तकाची लागणारी प्रकरणं आठ महिने आणि दुसऱ्याचं पहिलं, दुसरं, सहावं दीड वर्ष. तुमचं वय कमी आहे, डोकं ताजं आहे, कमीत होईल. पण तुमच्याकडे सीएचबीचे तास, येणं-जाणं आणि घरचं काम असेल तर तेवढंच लागलं तरी स्वतःला मंद समजू नका.

एकटीने होते का, याचं सरळ उत्तर: वाचणं एकटीने होते, पण बोलायला एक माणूस पाहिजे. त्याला मॉड्युलर फॉर्म्स यायची गरज नाही. मी आमच्या कॉलेजच्या फिजिक्सच्या सरांना सांगत बसायचो, त्यांना विषय येत नव्हता, पण ते "हे कशावरून" विचारायचे आणि तिथेच माझी भोकं सापडायची. बीएससीच्या शेवटच्या वर्षाची एखादी हुशार मुलगी असेल तर तिला दर शनिवारी एक तास पार्टिशन्स शिकवा, तुमचंही पक्कं होईल. आणि एमटीटीएसची (मॅथेमॅटिक्स ट्रेनिंग अँड टॅलेंट सर्च) गणिताची शिबिरं आहेत विद्यार्थ्यांसाठी, तिला पाठवा. तुम्हाला स्वतःला नॅशनल सेंटर फॉर मॅथेमॅटिक्सच्या कार्यशाळांवर लक्ष ठेवता येईल. पुण्याला भास्कराचार्य प्रतिष्ठान आहे, श्रीराम अभ्यंकरांनी १९७६ मध्ये सुरू केलेलं, लांब पडते पण नाव माहीत असू द्या.

कोणी तरी खाली लिहिलं आहे की हे पुस्तक जुनं झालं, डायरेक्ट नवीन घ्या. त्यात थोडं खरं आहे. दुसरी आवृत्ती १९९० ची आहे, वाइल्सचं फर्माच्या थिअरमचं काम त्यानंतरचं, १९९५ ला छापून आलं, आणि ॲपोस्टॉलमध्ये परिमेय संख्यांवरचे इलिप्टिक कर्व्ह नाहीतच. तुमची ओढ तिकडे असेल तर सहावं प्रकरण झाल्यावर कोब्लिट्झचं 'इंट्रोडक्शन टू इलिप्टिक कर्व्ह्ज अँड मॉड्युलर फॉर्म्स' घ्या, त्याची सुरुवात एका शाळकरी प्रश्नाने होते की ज्याच्या तिन्ही बाजू अपूर्णांकात आहेत अशा काटकोन त्रिकोणाचं क्षेत्रफळ ५ असू शकते का (असते, बाजू ३/२, २०/३, ४१/६). सेरचं 'अ कोर्स इन अरिथमेटिक' त्याचं शेवटचं प्रकरण मॉड्युलर फॉर्म्सचं आहे, फार कमी पानांत, पण एकेका ओळीवर दिवस जाते, गाइड नसताना ते पहिलं पुस्तक म्हणून मी कोणाला देणार नाही. ॲपोस्टॉल पायरी गाळत नाही. खेड्यात बसून वाचणाऱ्याला हाच गुण सगळ्यात महत्त्वाचा, कारण गाळलेली पायरी विचारायला आपल्याकडे कोणी नसते. माणूस स्वतःही हेल्पर नावाच्या गावचा, अमेरिकेतल्या युटामधलं, रेल्वे आणि कोळशाच्या खाणींचं गाव, आपल्या वणी-बल्लारपूरसारखं समजा, आईवडील ग्रीसहून आलेले. त्याचा पीएचडीचा गाइड डी. एच. लेमर, आणि टाऊ कधी शून्य होतो का हा लेमरचा प्रश्न आजही सुटलेला नाही.

तर ताई, या आठवड्यात दोन गोष्टी करा. वरची कॉम्प्लेक्सची परीक्षा, आणि जाकोबीच्या घनापासून सुरुवात करून टाऊ(११). अकरा जागा घ्याव्या लागतील, घनाचे सहगुणक १, −३, ०, ५, ०, ०, −७, ०, ०, ०, ९, आणि तीनदा वर्ग. उत्तर ५,३४,६१२ आलं पाहिजे. मग ११ चा अकरावा घात काढा, त्यात १ मिळवा, त्यातून हे उत्तर वजा करा आणि ६९१ ने भागा. बाकी काय राहते ते इथे लिहा, आणि २, ३, ५ वर तेच करून पाहिल्यावर काय दिसलं तेही लिहा, मग ६९१ कुठून आला ते आपण बोलू.